परदेशी विद्यार्थ्यांची वेगळी तुकडी नको

मा. संपादक,
स.न.वि.वि.

नवरात्र आलं की बडोद्यातल्या सगळ्याच वृत्तपत्रांत एक फोटो ठरलेला असतो, आपल्याही. चनियाचोळीतल्या दोन-तीन परदेशी मुली, कपाळावर टिकल्या, आणि खाली ओळ : 'परदेशी पाहुण्यांनाही गरब्याची भुरळ'. फोटोबद्दल माझी तक्रार नाही. त्यातली एखादी माझ्याच वर्गातली निघते आणि तिचा गरबा आमच्या दांडिया बाजारातल्या निम्म्या पोरांपेक्षा बरा असतो. पण तीच मुलगी दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठच्या तासाला रिकाम्या वर्गात एकटी बसलेली असते. आज कुणी यायचं नाही, हे वर्गाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर रात्री दीड वाजता गुजरातीत ठरलेलं असतं आणि तिला ते सांगायचं कुणाला सुचलेलं नसतं. तो फोटो कुणी काढत नाही.

मी बडोद्यात वाणिज्य आणि अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांना संख्याशास्त्र शिकवते. पूर्वी वर्गात एखाददुसरा नेपाळचा किंवा मॉरिशसचा विद्यार्थी असायचा. आता हजेरीपटावर अफगाणिस्तान, बांगलादेश, इथिओपिया, टांझानिया, श्रीलंका अशी नावं सर्रास दिसतात. यामागे सरकारी धोरण आहे. 'स्टडी इन इंडिया' ही योजना २०१८ साली सुरू झाली, २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने परदेशी विद्यार्थ्यांसाठी प्रत्येक संस्थेत स्वतंत्र कार्यालय असावं असं म्हटलं, आणि २०२२ मध्ये विद्यापीठ अनुदान आयोगाने (यूजीसी) मंजूर जागांच्या वर २५ टक्क्यांपर्यंत जास्तीच्या जागा त्यांच्यासाठी ठेवायला मुभा दिली. केंद्र सरकारच्या उच्च शिक्षण सर्वेक्षणाप्रमाणे २०२१-२२ साली देशात सुमारे ४७ हजार परदेशी विद्यार्थी होते, त्यात २८ टक्के एकट्या नेपाळचे. आकडे हा माझा रोजचा धंदा आहे म्हणून सांगते, या आकड्यांवरून वर्गात काय चाललंय याचा काडीचाही पत्ता लागत नाही.

पत्र लिहायला निमित्त झालं ते एका सूचनेचं. हल्ली प्राध्यापकांच्या बैठकांत, चहाच्या वेळी, असा सूर ऐकू येतो की परदेशी मुलांची वेगळी तुकडी करावी. त्यांनाही सोपं, आपल्यालाही सोपं. सूचना करणारे वाईट लोक नाहीत, थकलेले लोक आहेत. तरीही मला ही सूचना साफ चुकीची वाटते, आणि ती का, हे वर्गातल्या दोन-चार गोष्टी सांगितल्याशिवाय कळणार नाही.

आपल्याकडच्या संख्याशास्त्राच्या कुठल्याही पाठ्यपुस्तकात चलन गुणांकाच्या (सरासरीच्या तुलनेत आकडे किती विखुरलेले आहेत, ते सांगणारं माप) प्रकरणात एक गणित हमखास असतं : दोन फलंदाजांच्या पाच डावांतल्या धावा दिल्या आहेत, कोण अधिक सातत्याने खेळतो ते सांगा. समजा एकाच्या ४०, ४५, ५०, ५५, ६० आणि दुसऱ्याच्या ०, २०, ५०, ८०, १००. सरासरी दोघांचीही ५०. प्रमाण विचलन पहिल्याचं सातच्या आसपास, दुसऱ्याचं सदतीसच्या. म्हणजे पहिला भरवशाचा. आपल्या मुलांना हे आकडे न मांडताही कळतं, कारण शून्यावर बाद होणं म्हणजे काय, हे ती चौथीपासून अनुभवत आलेली असतात. टांझानियाच्या एका मुलीने सगळी आकडेमोड बिनचूक केली आणि मग विचारलं, "मॅम, हा धावांचा आकडा मोठा असलेला चांगला की लहान?" वर्गात खसखस पिकली. प्रश्न मात्र अगदी रास्त होता. धावण्याच्या शर्यतीत वेळ कमी असलेला चांगला, क्रिकेटमध्ये धावा जास्त असलेल्या चांगल्या, आणि हे गणितात कुठेच लिहिलेलं नसतं. तिला शर्यती ठाऊक होत्या, डाव नव्हते.

संभाव्यतेच्या प्रकरणात तर पत्त्यांचा कॅट येतोच येतो. बावन्न पत्ते, चार रंग, इस्पिकची राणी निघण्याची शक्यता किती? गुजरातेत श्रावणात घरोघरी तीनपत्तीचे डाव बसतात, त्यामुळे आमची मुलं या प्रकरणात फार हुशार असतात (कारण आईवडिलांना सांगू नये). पण ज्या अफगाण मुलाच्या घरी पत्त्याला हातही लावायचा नाही, त्याला आधी 'फेस कार्ड किती असतात' हे पाठ करावं लागतं आणि मग गणित. तो संख्याशास्त्रात कच्चा नसतो. त्याला एका तासात दोन विषय शिकावे लागतात, एवढंच.

गेल्या काही सत्रांपासून मी चलन गुणांकाचं पहिलं उदाहरण बदललं. दुधाच्या अर्ध्या लिटरच्या पिशव्या भरणारी दोन यंत्रं, प्रत्येकीत प्रत्यक्ष किती मिलिलिटर भरलं गेलं त्याची मापं. दूध सगळ्या देशांत असतं. हे केलं परदेशी मुलांसाठी, पण हात वर केला तो छोटा उदेपूरकडच्या एका मुलीने. राठवा समाजातली, गुजराती माध्यमात शिकलेली, शेवटच्या बाकावर बसणारी. तोपर्यंत तिचा आवाज मी हजेरीपलीकडे ऐकला नव्हता. तिच्या घरचं दूध गावातल्या मंडळीत, म्हणजे सहकारी दूध संस्थेत, जातं, सकाळ-संध्याकाळ फॅट मोजून भाव मिळतो. ती म्हणाली, आमच्या गाईच्या दुधाचा फॅट संध्याकाळी जास्त येतो, सकाळी कमी, मग सकाळचे आणि संध्याकाळचे आकडे एकत्र करून सरासरी काढणं बरोबर आहे का? दोन वेगळे गट एकत्र मिसळले की विचलन फुगतं, हे प्रकरण मी पुढच्या आठवड्यात घेणार होते. तिने ते त्याच दिवशी घ्यायला लावलं. क्रिकेटचं गणित तिलाही परकंच होतं, फक्त तिने तसं कधी विचारलं नव्हतं. टांझानियाची मुलगी विचारते कारण ती परदेशी आहे आणि न कळणं तिला शोभतं. छोटा उदेपूरच्या मुलीला न कळणं शोभत नाही, असं आपणच तिच्या डोक्यात घातलेलं आहे.

वेगळी तुकडी केली की परदेशी मुलांसाठी सोपं इंग्रजी, वेगळी उदाहरणं, सावकाश गती, सगळं त्या खोलीत जाईल. आणि या खोलीत फलंदाज, पत्ते आणि गुजरातीत मारलेले विनोद तसेच राहतील. छोटा उदेपूरची मुलगी या खोलीत असेल.

भाषेबद्दल थोडं स्पष्ट बोलते, कारण त्यावरून गैरसमज होतात. पुस्तकं इंग्रजी, प्रश्नपत्रिका इंग्रजी, आणि तास मात्र निम्मा गुजरातीत, अशी बऱ्याच वर्गांची परिस्थिती आहे. गुजराती बोलू नये असं मी म्हणत नाही. आम्ही बडोद्याचे मराठी लोक घरात मराठी, बाजारात गुजराती आणि ऑफिसात इंग्रजी बोलूनच मोठे झालो. मी स्वतः मराठी माध्यमातून आले, आणि अवघड मुद्दा कुणी आपल्या बोलीत सांगितला की किती हायसं वाटतं, हे मला चांगलं ठाऊक आहे. फक्त क्रम पाळावा : मुद्दा आधी इंग्रजीत, मग हवा तर गुजरातीत, आणि शेवटी निष्कर्ष फळ्यावर इंग्रजीत लिहून. परीक्षेची तारीख, सबमिशनचा दिवस, तास रद्द झाल्याचा निरोप या गोष्टी फळ्यावर किंवा ग्रुपवर इंग्रजीतही गेल्याच पाहिजेत. यात एक पैशाचाही खर्च नाही.

आकड्यांचीही भाषा असते. आपण १२,५०,००० लिहितो. इथिओपियाच्या मुलाने मला विचारलं, पुस्तकात छपाईची चूक आहे का, कारण त्याच्या लेखी स्वल्पविराम तीन-तीन अंकांनी येतो. फ्रेंच माध्यमात शिकलेली मुलं तर दशांश चिन्हाच्या जागी स्वल्पविराम देतात. एकाने उत्तर लिहिलं २,३४५, म्हणजे त्याच्या हिशेबाने दोन पूर्णांक आणि पुढे तीन दशांश स्थळं. पेपर तपासणाऱ्या बाहेरच्या परीक्षकाने ते दोन हजार तीनशे पंचेचाळीस वाचलं आणि गुण कापले. दोघांपैकी कुणीच खोटं नव्हतं. वर्षाच्या सुरुवातीला दहा मिनिटं काढून लाख, कोटी, मिलियन आणि टिंब-स्वल्पविराम यांचा एक तक्ता फळ्यावर मांडला की हा घोळ मिटतो. पण ती दहा मिनिटं अभ्यासक्रमात कुठेच नाहीत, म्हणून ती कुणी काढत नाही.

नावांचं तर विचारू नका. आपल्या कार्यालयांत यादी आडनावाने सुरू होते. इथिओपियात आडनाव हा प्रकारच नसतो, स्वतःच्या नावापुढे वडिलांचं नाव येतं. त्यामुळे यादीत वडिलांचं नाव पहिलं जातं, आणि हजेरीला बापाच्या नावाने हाक मारली की पोरगं काही क्षण गप्प बसतं. काही अफगाण विद्यार्थ्यांच्या पासपोर्टवर एकच नाव असतं आणि संगणकाचा फॉर्म आडनावाची चौकट रिकामी सोडू देत नाही, मग तेच नाव दोनदा भरलं जातं. मी पहिल्या तासाला प्रत्येकाला स्वतःचं नाव मोठ्याने उच्चारायला लावते आणि माझ्या वहीत ते देवनागरीत उतरवून घेते. इंग्रजी स्पेलिंगवरून वाचायला गेलं की भलतंच काही होतं, देवनागरीत उतरवलं की सहसा चूक होत नाही. हे बघून गुजराती मुलंही आपापली नावं तपासून घेतात, त्यात एक 'ळ' असलेलं आडनाव हटकून चुकीचं लिहिलेलं निघतं.

सगळ्यात जास्त कस लागतो तो गटकार्यात. गट आपापले करा म्हटलं की मिनिटभरात शाळेपासूनचे मित्र एकत्र येतात आणि परदेशी मुलं शेवटी उरतात. मग उरलेल्यांचा एक गट होतो. मी चिठ्ठ्या टाकते. "मॅम, अमारुं ग्रुप तो बनी गयुं छे," अशी कुरकुर दरवेळी होते, ती मी ऐकून न ऐकल्यासारखी करते. एकदा चिठ्ठीने पडलेल्या अशाच एका गटाला खंडेराव मार्केटमध्ये भाज्यांचे भाव गोळा करायला पाठवलं होतं. तीन बडोद्याची मुलं आणि तीच टांझानियाची मुलगी. मुलांनी भराभर विचारून रकाना भरला : २०, ६०, १५, ७०, २०. टोमॅटोचा सरासरी भाव काढायला बसली, तेव्हा तिने विचारलं की एकाच बाजारात साठ आणि पंधरा एवढा फरक कसा? कुणी भाव पावकिलोचा सांगितला होता, कुणी किलोचा. भाजीवाल्याने 'वीस' म्हटलं की पावकिलो, हे बडोद्याच्या मुलांना न सांगता कळलं होतं, म्हणून त्यांनी एकक लिहिलंच नव्हतं. तिला ते कळलं नव्हतं म्हणून तिने विचारलं. सगळे पुन्हा मार्केटला गेले आणि प्रत्येक आकड्यापुढे एकक लिहून आणलं. मापाचं एकक लिहा, हे मी वर्षानुवर्षं घसा कोरडा करून सांगते. वेगळ्या तुकडीत ती मुलगी कुणाला विचारणार होती?

परीक्षेची गोष्ट थोडक्यात. आपल्या विद्यापीठांत परीक्षा कशी द्यायची, याचे बरेचसे नियम कुठेच लिहिलेले नसतात. टीप लिहा म्हणजे व्याख्या, वैशिष्ट्यं, फायदे, तोटे, तेही मुद्दे पाडून आणि अधोरेखित करून, हे आपल्या मुलांना क्लासवाल्यांनी अकरावीपासून शिकवलेलं असतं. एटीकेटी म्हणजे काय, अंतर्गत गुण कशाचे, 'आयएमपी' म्हणजे महत्त्वाचे प्रश्न कुणाकडून मिळवायचे, हे वरच्या वर्गातल्या मुलांकडून कळतं. परदेशी मुलाला ना क्लास, ना वरच्या वर्गातला मित्र. तो दोन पानं सलग निबंध लिहितो, विचार चांगला असतो, गुण निम्मे मिळतात. मागच्या वर्षीची दोन चांगली उत्तरं नाव झाकून वर्गात दाखवली तर हे कळतं. आणि जर्नल एकमेकांच्या बघून उतरवायची आपली जी पद्धत आहे, तिच्याकडे ती मुलं ज्या नजरेने बघतात, त्याबद्दल आपल्यालाच लाज वाटायला हवी.

सगळी परदेशी मुलं बिचारी असतात, असंही नाही. फी भरली आहे म्हणजे पास करणं तुमचं काम, असा तोरा काहींचा असतो. काही महिनाभर उगवत नाहीत. पण उशिरा येणाऱ्यांत पुष्कळांचा दोष नसतो. सत्र जून-जुलैत सुरू होतं आणि व्हिसा हातात पडेपर्यंत ऑगस्ट उजाडतो, आल्यावर चौदा दिवसांत परदेशी नागरिक नोंदणी कार्यालयात नोंद करायची असते, त्याची कागदपत्रं, भाडेकरार, बँकेचं खातं. तोवर पायाची दोन प्रकरणं होऊन गेलेली असतात. हा प्रश्न माझ्या उदाहरणांनी सुटणारा नाही. त्याला आठवड्याला एक जादा तास हवा, तो घेणाऱ्याला मानधन हवं, आणि त्या तासाला जिल्ह्याच्या गावांतून आलेल्या, पाया कच्चा राहिलेल्या आपल्या मुलांनाही बसू द्यायला हवं. साठ-सत्तर मुलांच्या वर्गात नाहीतरी कुणाकडे वैयक्तिक लक्ष देता येत नाही, असं सहकारी म्हणतात. खरं आहे. म्हणून तर हा तास हवा.

वेगळं करण्याचा उपाय आपल्याला फार लवकर सुचतो. मार्च २०२४ मध्ये अहमदाबादच्या विद्यापीठात वसतिगृहात परदेशी विद्यार्थ्यांवर हल्ला झाला, तेव्हा त्यांना दुसऱ्या वसतिगृहात हलवलं गेलं आणि पहारा वाढवला गेला. त्या क्षणी ते गरजेचं असेल. पण पहाऱ्याने ओळख होत नाही. ज्या मुलाबरोबर आपण खंडेराव मार्केटमध्ये टोमॅटोचे भाव विचारत हिंडलो, त्याच्या खोलीत घुसायला माणूस सहसा तयार होत नाही.

आणि बडोद्याने तरी हा विचार जरा जपून करावा. सयाजीराव महाराजांनी १९१३ साली शिष्यवृत्ती देऊन बाबासाहेब आंबेडकरांना न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात पाठवलं, हे आपण छाती फुगवून सांगतो. तेच बाबासाहेब १९१७ साली संस्थानच्या नोकरीसाठी इथे आले तेव्हा त्यांना राहायला घर मिळालं नाही, पारशी धर्मशाळेतून बाहेर काढलं गेलं, हे सांगताना मात्र आपला आवाज उतरतो. दोन्ही गोष्टी याच गावातल्या. त्या अन्यायाशी मी आजच्या तुकड्यांची बरोबरी करत नाही. पण 'त्यांच्याच सोयीसाठी त्यांना वेगळं बसवू' हे वाक्य ज्या गावात ऐकू येतं, त्या गावाने ते दोनदा तपासून घ्यायला हरकत नाही. आजही सावळ्या-काळ्या परदेशी मुलाला बडोद्यात खोली शोधताना फोनवर 'आहे' आणि दारात 'दिली' असं उत्तर मिळतं, हे माझे विद्यार्थीच मला सांगतात.

माझी मागणी साधी आहे. परदेशांतल्या शिक्षण मेळाव्यांत मांडव घालायला, दलालांना कमिशन द्यायला, रंगीत माहितीपत्रकं छापायला संस्थांकडे पैसा असतो. त्यातला थोडासा या मुलांना शिकवणाऱ्यांच्या तयारीवर खर्च व्हावा. प्राध्यापकांसाठी मालवीय मिशन प्रशिक्षण केंद्रं आहेतच, आणि त्यांच्या अभ्यासक्रमात विद्यार्थ्यांतील विविधता हा विषयही आहे. त्यात एक दिवस, भाषण न ठेवता, प्रत्येक प्राध्यापकाने स्वतःच्याच विषयाची एक प्रश्नपत्रिका आणावी आणि शेजाऱ्याने ती परक्या देशातून आल्यासारखी वाचावी. माझ्या विषयात फलंदाज आणि पत्ते निघाले. वाणिज्यात 'हिंदू अविभक्त कुटुंब' निघेल, तेही कुणी न समजावता. कायद्यात, गृहविज्ञानात काय निघेल, ते त्या-त्या लोकांनी सांगावं.

प्रश्नसंच बदलायचे तर त्याला अभ्यास मंडळाची मंजुरी लागते, आणि त्या बैठका सत्र सुरू होण्याच्या बऱ्याच आधी होतात. आमच्या मंडळात दुधाच्या पिशव्यांचं उदाहरण मी मांडणार आहे. क्रिकेटचं काढून टाका असा माझा आग्रह नाही, दुसऱ्या क्रमांकावर ठेवा. इतर विषयांच्या मंडळांवर आपले जे वाचक असतील, त्यांनीही आपापला एक-एक प्रश्न घेऊन जावा, म्हणून हे पत्र जरा लांबलं. छापताना कात्री लावावी लागली तर खंडेराव मार्केटचा परिच्छेद तेवढा राहू द्यावा, ही विनंती.

आपली,
संख्याशास्त्राची एक प्राध्यापिका
दांडिया बाजार, बडोदा